तीन हंगामांचा गोलंदाज : काकांचा खेळ इतक्या लवकर का थांबला असेल?

शहापूरकर

नमस्कार मंडळी. दिवाळीपूर्वी बेळगावातल्या आमच्या शहापूरच्या जुन्या घराचा माळा रिकामा करताना धाकट्या काकांची पत्र्याची पेटी खाली काढली. काका जाऊन आता सहा वर्षे झाली. पेटीत एक विणलेला पांढरा स्वेटर, एक सीझन बॉल आणि कापडी पुठ्ठ्याचे स्कोअरबुक एवढेच होते. बॉलची एक बाजू अजून तांबूस आणि गुळगुळीत आहे, दुसरी पिंजून पांढरट झाली आहे आणि शिवणीचा एक टाका उसवून वर आला आहे. तो बोटाला लागतो.

काका उजव्या हाताने मध्यमगती गोलंदाजी करीत. आमचे घर विणकरांचे, त्यामुळे पहाटे व्हॅक्सिन डेपोच्या मैदानावर सराव आणि दहा वाजता मागावर, असा त्यांचा दिवस असे. १९८३ ते १९८६ असे तीन हंगाम ते आधी बेळगावच्या एका क्लबकडून आणि नंतर विभागाच्या संघाकडून खेळले. दुसऱ्या हंगामानंतर त्यांना बेंगळुरूच्या शिबिराचे बोलावणे आले. तिथून परतल्यावर तिसऱ्या हंगामात ते मध्येच थांबले आणि त्यानंतर त्यांनी सीझन बॉल हातात धरल्याचे घरात कोणालाही आठवत नाही. तेव्हा त्यांचे वय बावीस होते.

घरात याची तीन कारणे सांगितली जात. आज्जी म्हणे, त्याची पाठ धरली. माझे वडील म्हणतात, बेंगळुरूत आपल्या माणसाला विचारतो कोण. काकांचे मित्र म्हणत की मॅटवर, म्हणजे अंथरलेल्या काथ्याच्या खेळपट्टीवर, वाढलेला गोलंदाज टर्फवर, म्हणजे गवताच्या खेळपट्टीवर, टिकत नाही. काका स्वतः या विषयावर कधीच बोलले नाहीत, आणि मी विचारण्याइतका मोठा झालो तेव्हा विचारण्याचे धाडस मला झाले नाही.

क्लबच्या स्मरणिकेसाठी त्यांच्यावर अर्धे पान मागितले आहे. खोटे काही लिहायचे नाही, म्हणून हा धागा काढला. त्या काळी आपल्या भागात खेळलेल्या किंवा खेळ जवळून पाहिलेल्या मंडळींनी कृपया लिहावे.

निपाणीकर

आपल्या वडिलांचे म्हणणे मला पूर्णपणे पटते. १९५६ साली मुंबई राज्यातून आपल्याला उचलून म्हैसूर राज्यात घातले गेले, तेव्हापासून खेळातही आपण टोकाला पडलो. बेळगाव ते बेंगळुरू हे अंतर पाचशे किलोमीटर. शेजारचे कोल्हापूर सव्वाशे किलोमीटरच्या आत, पण तिकडे खेळायचे तर संघटना वेगळी आणि राज्यही वेगळे. बेंगळुरूचा मुलगा निवड करणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर लीग सामने खेळतो. आपला मुलगा वर्षातून एकदा रात्रभर प्रवास करून जातो, आखडलेल्या अंगाने सकाळी सहा षटके टाकतो आणि त्या सहा षटकांवर त्याचा निकाल लागतो. त्यातून कानडी बोलताना अडखळला की तो आणखी बाजूला पडतो. मी स्वतः सोळा वर्षांखालील निवडीला गेलो होतो. तिथल्या एका सद्गृहस्थांनी माझे नाव दोनदा विचारले आणि चेंडू मात्र एकदाही नीट पाहिला नाही.

टिळकवाडीकर

निपाणीकर, आपला अनुभव मी नाकारत नाही, पण अंतर आणि भाषा या दोन गोष्टी आपण एकाच गाठोड्यात बांधता आहात. सुनील जोशी गदगचे. शाळकरी वयात ते पहाटेच्या गाडीने सुमारे साठ किलोमीटरवरच्या हुबळीला सरावासाठी जात आणि शाळेच्या वेळेला परत येत. तेच पुढे भारताकडून १५ कसोटी आणि ६९ एकदिवसीय सामने खेळले, आणि सप्टेंबर १९९९ मध्ये नैरोबीत दक्षिण आफ्रिकेविरुद्ध १० षटकांत ६ धावा देऊन ५ बळी घेऊन गेले. विनयकुमार दावणगेरेचा. रघुराम भट पुत्तूरचे. १९८२ च्या रणजी उपांत्य सामन्यात त्यांचा चेंडू इतका वळत होता की दुसऱ्या डावात खुद्द गावसकर त्यांच्यासमोर डावखुरे उभे राहिले. यांतले कोणीही बेंगळुरूचे नाही. तेव्हा दार बंद होते असे सरसकट लिहू नये. दार लांब होते, हे मात्र शंभर टक्के खरे.

खानापूरची लेक

माझे बाबाही त्याच काळात खेळत. ते सांगत, की मीटरगेजच्या गाडीत बसायला जागा मिळत नसे, किटची पिशवी पायांत धरून दरवाजाजवळ बसून बेंगळुरू गाठावे लागे. कारखान्यातून चार दिवसांची बिनपगारी रजा घ्यावी लागे ती वेगळीच. शहापूरकर दादा, काका मागावर बसत म्हणता, तर ज्या दिवशी माग बंद त्या दिवशी घरात पैसाही बंद. हे चौथे कारणही विचारात घ्या.

मैदानाचा माणूस

मी तीस वर्षे मुलांना गोलंदाजी शिकवतो आहे, म्हणून मॅटचा मुद्दा जरा सविस्तर मांडतो.

आपल्याकडे पावसाळा संपेपर्यंत मैदान हाती लागत नाही. पूर्वी टर्फची खेळपट्टी सांभाळायला रोलर, पाणी आणि माळी यांचा खर्च क्लबांना झेपत नसे. मग तांबडी माती ठोकून घट्ट करायची, तिच्यावर काथ्याची मॅट अंथरायची, चारही बाजूंनी ताणून लोखंडी खिळे ठोकायचे आणि खडूने क्रीज आखायची. मॅट किती ताणली यावर सगळा खेळ ठरे. चांगली ताणलेली असेल तर चेंडू गुडघ्याऐवजी छातीपर्यंत उसळे, आणि सैल असेल तर फिरकी गोलंदाज राजा होई. नवा चेंडू काथ्यावर घासून काही षटकांतच खरबरीत होतो, त्यामुळे हवेत फार काळ वळत नाही. पण टप्पा पडल्यावर शिवण काथ्यात पकडते, म्हणून बोटे फिरवून टाकलेला कटर तिथे कमालीचा घातक ठरतो.

आता असा गोलंदाज टर्फवर गेला की तीन गोष्टी एकदम बदलतात. त्याचा कटर ओल्या गवतावरून सरळ घसरत जातो. ज्या टप्प्यावर मॅटवर चेंडू बरगडीला लागे, त्याच टप्प्यावरून फलंदाज त्याला पुढे येऊन ड्राइव्ह मारतो. आणि मॅटवर खिळ्यांचे बूट चालत नाहीत, त्यामुळे आयुष्यभर कॅनव्हासच्या बुटांत पळालेल्या मुलाला स्पाइक घालून पळावे लागते. पाय रुततो, पावलांचा हिशेब चुकतो आणि शेवटची उडी कधी लवकर पडते, कधी उशिरा. हे सावरायला एक अख्खा हंगाम लागतो. शिबिर असते आठ-दहा दिवसांचे.

तेव्हा काकांच्या मित्रांचे म्हणणे खोटे नाही, अर्धे आहे एवढेच.

कॅम्पातला

मॅटवर वाढलेला टर्फवर टिकत नाही, हे मात्र इतिहासाला धरून नाही. पाकिस्तानचे फझल महमूद घ्या. १९५६ साली कराचीच्या मॅटवर त्यांनी ऑस्ट्रेलियाचे १३ बळी घेतले, आणि त्याच्या दोन वर्षे आधी ओव्हलच्या टर्फवर इंग्लंडचे १२. कटर दोन्हीकडे चालला.

मैदानाचा माणूस

कॅम्पातले साहेब, बरोबर आहे. पण फझल यांना टर्फवर शिकायला वेळ आणि सामने मिळाले. माझा मुद्दा त्या वेळेचाच आहे.

हिंडलग्याचे मास्तर

या निमित्ताने मनात बरेच दिवस असलेला एक प्रश्न मांडतो. छोटी कारकीर्द म्हणजे नेमकी किती? नीलेश कुलकर्णी यांनी १९९७ साली कोलंबोत कसोटीतल्या आपल्या पहिल्याच चेंडूवर अटापट्टूचा बळी घेतला. पण श्रीलंकेने एकूण ९५२ धावा केल्या आणि कुलकर्णींनी त्या डावात ७० षटके टाकूनही दुसरा बळी त्यांना मिळाला नाही. एकंदर तीन कसोटी. सोलापूरच्या सलील अंकोलाने १९८९ साली कराचीत सचिनच्या बरोबरीने पदार्पण केले, ती त्याची एकच कसोटी. पायाच्या हाडातल्या गाठीने वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी त्याला मैदान सोडायला लावले. विनयकुमारला पर्थची एक कसोटी मिळाली, १३ षटकांत ७३ धावा आणि एक बळी. पण हाच विनयकुमार कर्नाटकाला सलग दोन वर्षे रणजी जिंकून देणारा कर्णधार आहे आणि प्रथम श्रेणीत त्याचे पाचशेहून अधिक बळी आहेत. उलट पद्माकर शिवलकरांचे ५८९ आणि राजिंदर गोयल यांचे ७५० बळी, पण दोघांनाही एकही कसोटी नाही.

मला असे वाटते, की वरच्या पायरीवर किती दिवस उभा होता यावरून गोलंदाज मोजण्याची सवय आपल्याला लागली आहे. शहापूरकरांच्या काकांनी तीन हंगाम ज्या मैदानांवर टाकले, त्या मैदानांपुरती ती संपूर्ण कारकीर्द आहे. स्मरणिकेत ‘संधी हुकली’ हे शब्द घालू नयेत, एवढी माझी विनंती.

निपाणीकर

मास्तर, शब्दांनी समाधान होईलही, पण व्यवहारात मोजले जातेच. क्रिकेट मंडळाच्या निवृत्तिवेतनालासुद्धा प्रथम श्रेणीच्या २५ सामन्यांची अट आहे. विभागाच्या संघाकडून खेळलेल्या माणसाचे तर कुठल्याही संकेतस्थळावर साधे नावही सापडत नाही. म्हणून तर शहापूरकरांना माळ्यावर शोधावे लागते आहे.

खानापूरची लेक

बाबांचेही नाव कुठेच नाही. स्कोअरबुके क्लबाच्या खोलीत होती, ती पावसात भिजून गेली. दादा, तुमच्याकडचे आधी स्कॅन करून घ्या.

हाडांचा डॉक्टर

मी बेळगावातच अस्थिरोगतज्ज्ञ म्हणून काम करतो आणि गोलंदाज मुले नेहमी पाहतो. आज्जींच्या शब्दांकडे कोणी फारसे लक्ष दिले नाही, म्हणून लिहितो.

वेगाने गोलंदाजी करणाऱ्याचा पुढचा पाय जमिनीवर आदळतो तेव्हा शरीराच्या वजनाच्या कितीतरी पट भार वर चढतो. नेमक्या त्याच क्षणी कंबर मागे वाकलेली, एका बाजूला झुकलेली आणि पिळलेली असते. या तिहेरी ताणाचा मारा कमरेच्या खालच्या मणक्याच्या एका चिंचोळ्या भागावर बसतो. उजव्या हाताच्या गोलंदाजात बहुधा डाव्या बाजूला. तिथले हाड विशीच्या सुरुवातीला अजून पुरते भरलेले नसते, आणि षटकांचा भार एकदम वाढला की त्याला बारीक चीर जाते. आरंभी ती साध्या एक्स-रेत दिसत नाही. आज एमआरआयमध्ये ती लवकर कळते. १९८६ साली आपल्या भागात त्याला ‘लचक’ म्हणत, तेल चोळत, आठ दिवस झोपवत आणि दुखणे कमी झाले की पुन्हा खेळायला सोडत. खरे तर कित्येक महिने गोलंदाजी पूर्ण बंद ठेवावी लागते.

ऑस्ट्रेलियाचा वेगवान गोलंदाज डेनिस लिलीची पाठ १९७३ मध्ये अशीच गेली होती. त्याला प्लास्टरमध्ये ठेवले, त्याने महिनोन्‌महिने मेहनत घेतली आणि दीड वर्षाने तो परतला. बुमराहवर मार्च २०२३ मध्ये शस्त्रक्रिया झाली आणि ऑगस्टमध्ये तो पुन्हा मैदानात होता. मागावर बसणाऱ्या विणकराच्या मुलाला यांतले काय मिळणार होते? शिवाय मागावर तासन्‌तास पुढे वाकून बसणे अशा दुखण्याला मानवत नाही.

शहापूरकर, दोन प्रश्न विचारतो. शिबिरानंतर काकांनी गोलंदाजीची पद्धत बदलली होती का? आणि शेवटच्या महिन्यात त्यांनी किती षटके टाकली होती? खांदे एका दिशेला आणि कंबर दुसऱ्या दिशेला अशी मिश्र पद्धत झाली, तर धोका फार वाढतो.

शहापूरकर

डॉक्टर, आपले प्रश्न वाचून काल रात्री स्कोअरबुक पुन्हा पानोपान पाहिले. पद्धतीविषयी वहीतून काय कळणार, असे वाटले होते. पण काही कळले.

पहिल्या दोन हंगामांत काकांच्या नावापुढच्या चौकोनांत मला नो-बॉलची एकही खूण सापडली नाही. तिसऱ्या हंगामात, म्हणजे शिबिराहून आल्यावर, पहिल्याच डावात वर्तुळातली टिंबे दिसू लागतात. त्याच्या पुढच्या सामन्यात ती वाढतात. षटकांचे म्हणाल तर त्या हंगामात ९, मग १४, मग एकाच डावात २७. या सत्तावीस षटकांसाठी कागद पुरला नाही, म्हणून लिहिणाऱ्याने समासात उभ्या रेघा मारून चौकोन वाढवले आहेत. त्यानंतरच्या सामन्यात फक्त ३ षटके. पुढच्या पानापासून काकांचे नाव नाही.

ही वही इतकी वर्षे घरात होती आणि आम्ही तिघे कारणांवरून वाद घालत बसलो होतो, याचे मला फार वाईट वाटते आहे.

वडगावचा पंच

मी इथे सहसा लिहीत नाही, वाचतो. वय आता पंचाहत्तर आहे. सत्तावीस षटकांचा तो डाव मी पाहिलेला आहे, कारण त्या सामन्यात एका बाजूला पंच म्हणून मीच उभा होतो.

आपले काका पूर्वी यष्टींच्या अगदी जवळून येत. डाव्या खांद्यावरून फलंदाजाकडे पाहत आणि चेंडू सोडताना त्यांचा शर्ट माझ्या बाहीला घासेल की काय, असे वाटे. शिबिराहून आल्यावर ते क्रीजच्या कडेने, छाती समोर ठेवून येऊ लागले. मी विचारले तेव्हा म्हणाले, “पंच, तिकडे असे टाकायला सांगितलंय, चेंडू आत येतो.” सांगणाऱ्याचा हेतू वाईट होता, असे मी म्हणणार नाही. त्या काळी पुष्कळ प्रशिक्षक तेच सांगत. पण काकांचे पाय समोर वळले, खांदे मात्र जुन्या सवयीने आडवेच राहिले. हे मला दिसत होते. त्याचे काय होते, हे मला आज डॉक्टरांनी लिहिल्यावर कळले.

त्या दिवशी त्यांचा जोडीदार गोलंदाज आलाच नव्हता. कर्णधार दर वेळी “अजून एक टाक” म्हणे आणि हे टाकत. वीस षटकांनंतर ते प्रत्येक चेंडू टाकून परतताना डावा हात कमरेवर ठेवीत. नो-बॉल मीच दिले, चार-पाच असावेत. शेवटच्या वेळी त्यांनी माझ्याकडे पाहिले आणि काही न बोलता चेंडू माझ्या हातातून घेतला. त्यांना थांबवा, असे मी कर्णधाराला सांगायला हवे होते. पंचाने त्यात पडू नये, अशी माझी तेव्हाची समजूत होती.

पाच बळी होते त्या डावात. वहीत पाहा.

शहापूरकर

पाहिले. पाचच आहेत. पंचकाका, आपण लिहिलेत याबद्दल काय म्हणावे ते सुचत नाही. आज संध्याकाळी वडिलांना आपले उत्तर वाचून दाखवले. त्यांनी ते दोनदा वाचायला लावले आणि मग म्हणाले, की त्या रात्री तो जेवायला पाटावर बसू शकला नव्हता, उभ्याने जेवला.

निपाणीकर

शहापूरकर, माझा पहिला प्रतिसाद थोडा दुरुस्त करतो. अंतराचे माझे म्हणणे कायम आहे. आज बेळगावातच ऑटोनगरच्या मैदानावर टर्फ आहे, मे २०१९ मध्ये भारत अ आणि श्रीलंका अ यांचा सामना तिथे झाला, पण ते काकांच्या कामाचे नव्हते. मात्र त्यांना भाषेमुळे डावलले, असे म्हणायला या वहीत आधार नाही, हे मी मान्य करतो.

मैदानाचा माणूस

आणि मी माझ्या मुलांची षटके उद्यापासून रोज लिहून ठेवणार आहे. आजवर फक्त सामन्यांची लिहीत होतो, नेटमधल्या सरावाची नाही.

हाडांचा डॉक्टर

नेटमधली नक्की लिहा. भार त्यांचाही असतोच. वही न पाहताच शंका घेतली होती. पंचांनी सांगितलेली पद्धत, षटकांची ती चढण आणि डाव्या बाजूचा हात पाहता ती शंका मला आता बरीच बळकट वाटते. एवढ्या वर्षांनंतर खात्रीने सांगता येणार नाही, म्हणून स्मरणिकेत रोगाचे नाव घालू नका.

शहापूरकर

मान्य. रोगाचे नाव घालत नाही, संधीचेही नाही. मजकूर असा लिहिला आहे : “उजव्या हाताने मध्यमगती गोलंदाजी. १९८३ ते १९८६. मॅटवर कटर उत्तम टाकत. शेवटच्या हंगामात पाठ दुखत असताना एका डावात २७ षटके टाकली आणि ५ बळी घेतले. त्यानंतरच्या सामन्यात ३ षटके टाकून थांबले.” खाली त्या पानाचा फोटो, समासातल्या वाढवलेल्या चौकोनांसह.

पंचकाका, रविवारी सकाळी आठला व्हॅक्सिन डेपोवर येऊ शकाल का? वडील येणार आहेत, बॉल आणि वही मी घेऊन येतो. मागच्या काही पानांवर लिहिणाऱ्याचे अक्षर बदलले आहे, ते कोणाचे, हे आपल्याला कदाचित ओळखता येईल.

वडगावचा पंच

येतो. शाईच्या पेनाने लिहिलेले असेल तर अक्षर माझ्या धाकट्या भावाचे. तो बाकी सगळे पेन्सिलीने लिहीत असे, बळी तेवढे शाईने.